शपथ मोडणारी

"सांगू नको वं. बस नुसती."

एवढं म्हणून ती ओढणीच्या टोकानं सिमेंटच्या बाकावरची धूळ झटकायची आणि स्वतः सरकून जागा करायची. बाक चांगला लांबरुंद होता, सरकायची काही गरज नसायची, तरी ती सरकायचीच. समोरची मुलगी क्षणभर घुटमळायची आणि मग बसायची. पुढे सुट्टी संपेपर्यंत दोघी मिळून काय करायच्या, तर डबा खायच्या. बहुतेक वेळा समोरचीचा.

नागपूरच्या पूर्व भागातल्या एका शाळेत मी भूगोल शिकवते. ती नववीत माझ्या वर्गात होती. तिचं नाव मी इथे लिहिणार नाही. का, ते पुढे तुमच्या लक्षात येईल.

अभ्यासात ती बेताचीच होती. एका चाचणीत तिनं तापी नदी थेट बंगालच्या उपसागरात नेऊन सोडली होती. मी वही दाखवून विचारलं, "हे काय?" तर म्हणते कशी, "जाऊ द्या ना मॅडम, समुद्राले तर मिळाली!" आवाज मोठा, नको तिथे हसू फुटायचं, आणि प्रार्थनेला आठवड्यातून निदान दोनदा उशीर. वडील मौद्याला वीज केंद्रात एका ठेकेदाराकडे फिटर होते, रविवारी घरी यायचे. आई सीताबर्डीत साड्यांच्या दुकानात उभी असायची. घराची किल्ली हिच्याच गळ्यात.

मुलांच्या मनाचं ओझं मुलांनीच थोडं हलकं करायचं, असा एक उपक्रम हल्ली बऱ्याच शाळांतून चालतो. तुमच्या घरातलं एखादं पोरही त्यात असेल. आमच्याकडे त्याचं नाव 'सोबती'. सोबती कोणी व्हायचं, हे शिक्षकांनी ठरवायचं नव्हतं. प्रत्येक वर्गात चिठ्ठ्या वाटल्या आणि एकच प्रश्न विचारला: जड काही झालं, तर वर्गात कोणाकडे जाशील? आम्हाला वाटलं होतं, मॉनिटरची नावं येतील, हुशार मुलींची येतील. नववीतून हिचं आलं. शिक्षकांच्या खोलीत सगळ्यांनी कपाळाला हात लावले. "हिच्या पोटात काही राहत नाही," असं आमच्या गणिताच्या बाई म्हणाल्या. उपक्रमाची जबाबदारी मला दिलेली होती, म्हणून मी गप्प बसले. वाटत मात्र मलाही तेच होतं.

प्रशिक्षणाला एक समुपदेशक बाई आल्या. त्यांनी विचारलं, मैत्रीण रडत असेल तर तुम्ही काय कराल? बाकीच्यांनी छान छान उत्तरं दिली. धीर देऊ, समजावून सांगू, वगैरे. ही म्हणाली, "पहिले डबा पाहीन. उपाशी पोटी रडणं लांबते."

बाई हसल्या, पण ते त्यांनी फळ्यावर लिहिलं. मग नियम सांगितले. ऐकायचं. सल्ले द्यायचे नाहीत. ऐकलेलं बाहेर बोलायचं नाही. आणि शेवटचा नियम त्यांनी पुन्हा पुन्हा घोकून घेतला. कोणाच्या जिवाला धोका आहे असं वाटलं, तर त्याच दिवशी मोठ्या माणसाला सांगायचं. शपथ घातली असली तरी सांगायचं. ही वही न उघडता, नखाजवळची साल ओढत बसली होती. हिच्या डोक्यात काही शिरलं असेल की नाही, याची मला शंकाच होती.

पहिल्याच महिन्यात पाचवीतली एक पोर तिच्या बाकावर येऊन बसायला लागली. शाळेत आली की तिचं पोट दुखायचं. डॉक्टर झाले, आईवडिलांना बोलावून झालं. ही काही विचारत नव्हती, आपली चिवडा खात बसायची. एक दिवस ती माझ्याकडे आली आणि सगळ्यांसमोर म्हणाली, "मॅडम, त्या पोरीले समुपदेशन नको. संडासाले कडी पाहिजे." तिथली कडी तुटलेली होती आणि ती पोर दिवसभर पाणीच पीत नव्हती. कडी बसेपर्यंत ही रोज दाराबाहेर पहाऱ्याला उभी राहायची, मोठ्यानं गाणं म्हणत.

असं हसत-खेळत चाललं होतं. मग काटोलची मुलगी आली.

तिला मी काटोलचीच म्हणते. तिच्या वडिलांची तिकडे संत्र्याची बाग होती. मुलीला नागपुरात शिकवायचं म्हणून तिला नववीत इथे मामाकडे ठेवलं होतं. शांत, सुरेख अक्षराची, चित्रं काढणारी मुलगी. दिवाळीनंतर ती आणखीच शांत झाली. मधल्या सुट्टीत आमच्या सोबतीच्या बाकावर बसू लागली. दोघी बोलताना दिसायच्या नाहीत. काटोलची डबा उघडायची आणि तसाच बंद करायची. ही मोठ्या आवाजाची पोरगी तिच्या शेजारी मात्र हळू चावायची. मी दुरून पाहायचे आणि बरं वाटून घ्यायचे.

थंडीचे दिवस होते. दुपारची सुट्टी संपत आली होती. मी शिक्षकांच्या खोलीत पेपर तपासत होते. दार न वाजवता आमची सोबती आत आली. चेहरा पांढरा पडला होता आणि स्वतःचाच गळा तिनं हातानं धरून ठेवला होता.

"मॅडम, मी शपथ मोडून राहिली."

"कसली शपथ?"

"काल तिनं मले गळ्याची शपथ घातली. कोणाले सांगू नको म्हणे. मी रात्रभर जागी होती. सकाळी सांगतो म्हटलं, पण हिंमतच नाही झाली. अन् आता तिनं तिचे सगळे रंग वाटून टाकले, मॅडम. अंगातलं स्वेटर काढून दुसरीले देऊन दिलं. मले नाही पाहिजे म्हणे आता. एवढ्या थंडीत काहून नाही पाहिजे?"

मग ती भराभर बोलली. वर्गातल्या एका मुलानं काटोलच्या मुलीच्या फोटोची मोडतोड करून एक घाणेरडं चित्र बनवलं होतं, दुसऱ्यानं ते पुढे पाठवलं होतं. ते मुलांच्या फोनवर फिरत होतं. मामांपर्यंत गेलं तर शाळा बंद होईल, वडिलांना तोंड दाखवता येणार नाही, असं तिच्या मनानं घेतलं होतं. "मी नसली तर सगळं मिटते," असं काल ती म्हणाली होती.

मी धावत वर्गावर गेले. जागा रिकामी. पाचवी-सहावीची शाळा दुपारी सुटते, त्यांच्या घोळक्यातून ती फाटकाबाहेर पडली होती. दप्तर सोबत होतं.

मोठ्या मॅडमनी, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिकांनी, मामांना फोन लावला, मग पोलिसांना. मामांच्या घरी ती गेली नव्हती. कुठे शोधायचं? सगळे एकमेकांकडे पाहत होते. हीच म्हणाली, "बसस्टँडवर पाहा. ती मामीले ट्यूशन सांगते अन् काटोलच्या गाड्या पाहत बसते तिथं. चढत नाही. नुसत्या पाहते."

मी तिला घेऊन रिक्षात बसले. एरवी तोंड न मिटणारी ती पोरगी ओढणीचं टोक दातात धरून बसली होती. एका चौकात सिग्नल लागला, पुढे रस्त्याचं काम, रिक्षा हलेना. रिक्षावाला खाली उतरून पुढे पाहू लागला.

"मॅडम, मी उशीर तर नाही केला?"

मी नुसता तिचा हात धरला.

बसस्थानकात काटोलच्या फलाटावर एक गाडी भरून उभी होती. आम्ही पोहोचलो आणि ती सुटली. ही ओरडतच धावली. गाडीच्या पत्र्यावर थापा मारत, एकेका खिडकीत डोकावत धावत होती. ड्रायव्हरनं ब्रेक दाबून शिवी घातली. ही सरळ आत चढली, शेवटच्या सीटपर्यंत पाहून आली आणि उतरली. मानेनंच मला 'नाही' म्हणाली. त्या वेळचा तिचा चेहरा मला अजून दिसतो. पंधरा वर्षांची मुलगी, आणि चेहरा म्हाताऱ्या बाईचा.

आम्ही फलाटांमागून शोधत निघालो, आणि मग तीच थांबली. एका बंद दुकानाच्या मागे, पोत्यांच्या आडोशाला, काटोलची मुलगी ओट्यावर बसली होती. अर्ध्या बाह्यांचा गणवेश, दप्तर छातीशी गच्च धरलेलं. तिनं आधी हिला पाहिलं, मग मागे उभी असलेली मी दिसले.

"तू सांगितलं."

"हो."

"गळ्याची शपथ घेतली होती तू."

"घेतली होती. मोडली."

काटोलची उठली आणि तिनं हिच्या थोबाडीत मारली. आवाज एवढा झाला की लोक वळून पाहू लागले. मी पुढे झाले. हिनं मागे न पाहता तळहात दाखवून मला थांबवलं. मग ती ओट्यावर, थोडं अंतर सोडून बसली. काटोलची पळून जाईल असं मला वाटत होतं. ती उभीच राहिली.

चार माणसं गोळा झाली. एक कंडक्टर म्हणाला, "काय झालं गा पोरींनो?"

"काही नाही काका," ही लाल झालेल्या गालानं म्हणाली. "बहिणी आहो आम्ही. स्वेटरवरून भांडण झालं. तुम्ही तुमची गाडी सोडा."

लोक पांगले. हिनं आपलं स्वेटर काढलं. काटोलचीच्या अंगावर टाकलं नाही. दोघींच्या मधे ओट्यावर ठेवलं. आणि समोरच्या गाड्या पाहत बसली. किती वेळ गेला कोण जाणे. एक गाडी गेली, दुसरी लागली. मग काटोलची खाली बसली. आणखी थोड्या वेळानं तिनं स्वेटर उचललं आणि घातलं. तेव्हा कुठे ती रडायला लागली. हिनं तेव्हाही हात लावला नाही. फक्त एवढंच विचारलं, "जेवली का वं?"

काटोलचीनं मान हलवली आणि दप्तर माझ्याकडे सरकवलं. त्यात काय होतं, ते मी लिहिणार नाही. मी ते काढून माझ्या पर्समध्ये टाकलं. पर्सची चेन मला लागेना. ती हिनं लावली.

दिवस मावळायच्या आत वडील काटोलहून आले. मुलगी त्यांच्यासमोर जायला तयार नव्हती. ते शाळेच्या पायरीवरच बसले आणि म्हणाले, "मले काही सांगू नको बाई. घरी चाल." डॉक्टरांकडे नेणं, औषधोपचार, सगळं त्यांनी नीट केलं. मुलीला परत काटोलच्या शाळेत घातलं. मोठ्या मॅडमनी शाळेच्या नावाचा विचार केला नाही. पोलिसांत तक्रार दिली, फोन तपासले गेले. ते चित्र बनवणाऱ्या मुलाला त्याच्या घरच्यांनी दुसऱ्या शाळेत नेलं. पुढे पाठवणारा काही दिवस घरी बसला आणि परत आला.

तुम्हाला वाटेल, संपलं. तिच्यासाठी खरं तर तिथून सुरू झालं.

वर्गाला एवढंच दिसलं होतं की ही मॅडमबरोबर बाहेर गेली, आणि मग दोन मुलांवर कारवाई झाली. काटोलची मुलगी त्या दिवशी काय करायला निघाली होती, हे कोणाला ठाऊक नव्हतं. आजारी आहे, एवढंच आम्ही सांगितलं होतं. झालं, हिनं चुगली केली. तिचं नाव 'ब्रेकिंग न्यूज' पडलं. बाकावर कोणीतरी मार्करनं लिहिलं, 'सावधान, माइक चालू आहे.' तिनं ते वाचलं, हसलीसुद्धा. मग ओढणीनं पुसायला लागली. मार्कर कसला निघतो. सुट्टीभर पुसत राहिली.

बाकावर कोणी येईना. पाचवीतली ती पोरसुद्धा लांबून हात हलवून निघून जायची.

एक दिवस मला राहवलं नाही. तिला बाजूला घेऊन म्हटलं, "उद्या मी वर्गात सगळं सांगते. तू काय केलंस ते कळू दे त्यांना."

"काय सांगाल मॅडम?"

"की तुझ्यामुळे एका मुलीचा जीव..."

"मग विचारतीन, कोणाचा? काहून? अन् ते चित्र पुन्हा सगळ्यांच्या डोळ्यापुढे." तिनं मान हलवली. "नाही मॅडम. एक बार मोडली ना शपथ, बस झालं. दुसऱ्या बार नाही मोडत."

मी म्हटलं, मग निदान हे काम सोड. वर्षभर तू खूप केलंस. ती बाकाकडे पाहत म्हणाली, "मी उठून गेली, अन् त्याच दिवशी कोणी आलं तर?"

तिचा आवाज खाली आला होता. प्रार्थनेला आता ती वेळेवर यायची, आणि मला ते आवडत नव्हतं. समुपदेशक बाई दर आठवड्याला तिच्याशी बोलायच्या. तिच्या परवानगीनं बाईंनी मला एवढंच सांगितलं की तिला स्वप्नात ती बस दिसते. धावून धावून हात पोहोचत नाही आणि बस निघून जाते. मी तिच्या आईला भेटले. आई दुकानातून सुट्टी काढून आली होती. म्हणाली, "घरी काही बोलत नाही, मॅडम. फक्त झोपताना माह्यावर पाय टाकून झोपते. लहानपणी झोपायची तशी."

परीक्षा जवळ आली होती. एका दुपारी मी वऱ्हांड्यातून पाहिलं आणि जागीच थबकले. बाकाच्या टोकाला तो मुलगा येऊन बसला होता. चित्र पुढे पाठवणारा. त्याच्याशीही वर्गात कोणी बोलत नसे. मुलींनी वाळीत टाकलं होतं, आणि आपापल्या घरच्यांच्या भीतीनं मुलांनीही.

ती उठली. मला वाटलं, आता ही त्याला मारते. ती तरातरा पाण्याच्या टाकीपर्यंत गेली, तिथे उभी राहिली, नळ उघडून तोंडावर पाणी मारलं. पुन्हा बाकाशी आली. त्याच्यासमोर उभी राहिली. तो मान खाली घालून बसला होता. मैदानावरची पोरंही खेळ थांबवून पाहू लागली होती. मग ती बसली. दुसऱ्या टोकाला, पाठ अर्धी त्याच्याकडे करून. सुट्टी संपेपर्यंत दोघं तसेच बसले होते.

नंतर मी विचारलं, तर म्हणाली, "राग आला होता मॅडम, लई. पण बाक काय माह्या बापाचा आहे?"

तो पुढेही येत राहिला. त्यानं तिला काय सांगितलं, ते मला ठाऊक नाही. तिनं मला सांगितलं नाही, याचा अर्थ सांगण्यासारखा धोका त्यात नव्हता. तिचा तो हिशोब आता मी मानत होते. दहावीत गेल्यावर हळूहळू बाकीचेही आले. कोणी माफी मागितली नाही. मुलं तशी मागतही नाहीत. डबा घेऊन येतात आणि बसतात.

दहावी झाली आणि ते कुटुंब मौद्याला राहायला गेलं. वडिलांना तिथे खोली मिळाली होती. ती तिकडच्याच कॉलेजात अकरावीला लागली. दाखला न्यायला आली, तेव्हा मी नेमकी परीक्षेच्या कामावर बाहेर होते. भेट झाली नाही.

यंदा शाळा सुरू होऊन थोडे दिवस झाले होते. शिपायानं सांगितलं, कोणी गृहस्थ भेटायला आलेत. काटोलच्या मुलीचे वडील होते. हात जोडून उभे.

"या दिवसात संत्रा नसते मॅडम, नाही तर रिकाम्या हातानं आलो नसतो. पोरगी अकरावीत गेली. चांगली आहे. त्या पोरीले भेटाचं होतं जी. त्या दिवशी धड पाहिलंही नाही मी तिले."

मी सांगितलं, ती आता मौद्याला असते. त्यांचा चेहरा उतरला. मी फोन लावला. तिकडून तोच जुना आवाज आला, सगळ्या खोलीला ऐकू जाईल असा. "मॅडम! तुम्ही! तापी कुठं मिळते विचारता का?" मी कोण आलंय ते सांगितलं आणि फोन त्यांच्या हातात दिला.

त्यांनी तो कानाला लावला. पलीकडून तिनं काहीतरी विचारलं असावं, कारण ते गडबडून म्हणाले, "विषय? विषय कोणते घेतले ते... थांब बाई. ते मले नाही सांगता येत. तिलेच विचार."

आणि माझा फोन घेऊन ते बाहेर निघाले. मी खिडकीशी गेले. तोवर माझ्या लक्षात आलं नव्हतं की ते एकटे आले नाहीत. फाटकाबाहेर, रस्त्याच्या पलीकडे, झाडाखाली एक उंच मुलगी उभी होती. शाळेत पाऊल टाकायला तिचं मन झालं नसावं. वडिलांनी फोन तिच्यासमोर धरला. तिनं तो लगेच घेतला नाही. वडील तसेच हात पुढे करून उन्हात उभे राहिले.

मग तिनं फोन घेतला आणि शाळेकडे पाठ केली. तेवढ्यात मधल्या सुट्टीची घंटा झाली, सगळी शाळा ओरडत मैदानावर आली. मला काही ऐकू येणं शक्यच नव्हतं. एवढंच दिसलं, की त्या गोंगाटात पलीकडचं नीट ऐकू यावं म्हणून तिनं दुसऱ्या कानात बोट घातलं होतं.